वगळलेल्यांची मोजदाद कोण करणार?

हरियाणात २०१५ च्या सप्टेंबर महिन्यात ग्रामपंचायतींच्या निवडणुका तोंडावर आल्या असताना तेथील विधानसभेने पंचायत राज कायद्यात एक दुरुस्ती संमत केली. पंच, सरपंच, पंचायत समिती व जिल्हा परिषद यांच्या निवडणुकीस उभे राहणारा सर्वसाधारण गटातील पुरुष दहावी उत्तीर्ण असला पाहिजे, स्त्री किंवा अनुसूचित जातीतील पुरुष आठवी उत्तीर्ण असला पाहिजे, आणि अनुसूचित जातीतील स्त्री पंचपदासाठी उभी राहणार असेल तर ती निदान पाचवी झालेली असली पाहिजे, अशी ती दुरुस्ती होती. एवढ्यावरच ती थांबली नाही. प्राथमिक कृषी सहकारी संस्थेची किंवा जिल्हा सहकारी बँकेची थकबाकी असणारा, विजेचे बिल थकविणारा, घरी वापरातला संडास नसणारा, तसेच दहा वर्षे वा अधिक शिक्षेस पात्र अशा गुन्ह्याबाबत ज्याच्यावर न्यायालयाने आरोप निश्चित केले आहेत असा इसमही उमेदवारीस अपात्र ठरला. राजबाला व इतर काही ग्रामस्थ सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने आरंभी दुरुस्तीची अंमलबजावणी थांबविली. परंतु १० डिसेंबर २०१५ रोजी न्या. चेलमेश्वर व न्या. सप्रे यांच्या खंडपीठाने दुरुस्तीतील सर्व अटी घटनेशी सुसंगत असल्याचा निर्वाळा दिला. जानेवारी २०१६ मध्ये त्याच अटींवर निवडणुका झाल्या, आणि २०२२ मध्येही झाल्या.

या निकालाची चर्चा त्या वेळी पुष्कळ झाली, आणि ती बहुतांशी एकाच अंगाने झाली. अशिक्षित माणूस गावाचा कारभार पाहू शकतो की नाही, हा त्या चर्चेचा विषय होता. वस्तुतः न्यायालयापुढील प्रश्न तो नव्हता. अशिक्षित माणूस कारभार पाहू शकतो की नाही याचा निर्णय गावाने मतपेटीतून करावयाचा, की गावाला तो करण्याची संधीच मिळू नये अशी तजवीज विधानसभेने आधीच करून ठेवावयाची, हा तो प्रश्न होता.

न्यायालयापुढे मांडण्यात आलेले आकडे बोलके होते. हरियाणाच्या ग्रामीण भागात वीस वर्षांवरील लोकांची संख्या सुमारे ९६ लाख धरण्यात आली, आणि त्यांपैकी सुमारे ५७ टक्के लोक शिक्षणाच्या अटीनंतरही पात्र राहतात, असे शासनाच्या बाजूने सांगण्यात आले. याचाच दुसरा अर्थ असा की शंभरातील त्रेचाळीस माणसे केवळ शाळेच्या दाखल्यापायी बाद झाली. याचिकाकर्त्यांच्या मांडणीनुसार स्त्रियांमध्ये हे प्रमाण निम्म्याहून अधिक होते आणि अनुसूचित जातींतील स्त्रियांमध्ये ६८ टक्क्यांच्या घरात जात होते. आता राज्यघटनेच्या ज्या ७३ व्या दुरुस्तीने (ती २४ एप्रिल १९९३ पासून अंमलात आली) पंचायतींना घटनात्मक दर्जा दिला, तिचा एक मुख्य हेतू स्त्रिया व अनुसूचित जाती-जमाती यांना गावाच्या कारभारात आणणे हा होता. अनुच्छेद २४३-घ अन्वये त्यांच्यासाठी जागा राखून ठेवण्यात आल्या त्या याचसाठी. एकाच घटनादुरुस्तीच्या एका अनुच्छेदाने जागा राखावयाच्या आणि दुसऱ्या अनुच्छेदाचा आधार घेऊन त्या जागांवर बसू शकणाऱ्या बहुसंख्य स्त्रियांना दाराबाहेर ठेवावयाचे, हा प्रकार विसंगत नाही असे म्हणणे कठीण आहे.

तो दुसरा अनुच्छेद म्हणजे २४३-च. विधानसभेच्या उमेदवारास लागू असणाऱ्या अपात्रता पंचायतीच्या उमेदवारास लागू होतील, असे तो प्रथम सांगतो. आणि पुढे, राज्य विधिमंडळ कायद्याने आणखी अपात्रता ठरवू शकेल, अशी मोकळीक देतो. या मोकळिकीला कोणतीही मर्यादा शब्दांत घातलेली नाही. येथे एक गमतीची गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. आमदारांच्या अपात्रता ठरविण्याचा अधिकार घटनेने आमदारांना दिलेला नाही. घटनेत नमूद केलेल्या अपात्रतांखेरीज अधिक काही ठरवावयाचे असेल तर ते संसद ठरविते. पंचांच्या अपात्रता मात्र आमदार ठरवितात. पंचाला कोणाचीच अपात्रता ठरविता येत नाही. परिणामी हरियाणात जो मनुष्य सातवी नापास म्हणून गावचा पंच होऊ शकत नाही, तो विधानसभेवर निवडून येऊ शकतो, मंत्री होऊ शकतो, आणि योग जुळून आला तर शिक्षणखातेही सांभाळू शकतो.

जुनाच युक्तिवाद

हा भेदभाव न्यायालयाच्या नजरेतून सुटला होता असे नव्हे. हरियाणाच्याच दुसऱ्या एका अटीवर बारा वर्षांपूर्वी वाद झाला होता. १९९४ च्या मूळ कायद्यात दोनांहून अधिक हयात अपत्ये असणाऱ्यास पंच वा सरपंच होण्यास मनाई होती. जावेद विरुद्ध हरियाणा राज्य या खटल्यात ३० जुलै २००३ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ही अट वैध ठरविली. आमदार-खासदारांना ही अट का नाही, या प्रश्नाला उत्तर असे देण्यात आले की शासनाचे धोरण टप्प्याटप्प्याने अंमलात आणता येते. एका पायरीवर ते आधी लागू झाले म्हणून पक्षपात होत नाही. निवडणूक लढविणे हा मूलभूत हक्क नाही, कायद्याने दिलेला हक्क आहे, आणि जो कायदा हक्क देतो तो त्यावर अटीही घालू शकतो, असेही प्रतिपादन झाले. टप्प्याटप्प्याचा हा युक्तिवाद ऐकावयास वाजवी वाटतो. परंतु पहिला टप्पा गावात पडून वीस वर्षे उलटून गेली तरी दुसरा टप्पा विधानसभेच्या पायरीवर पडला नाही. उलट हरियाणाने स्वतःच २००६ मध्ये ही अट कायद्यातून काढून टाकली. मध्य प्रदेश व हिमाचल प्रदेश यांनी ती त्याच सुमारास काढली होती. आंध्र प्रदेशाने २०२४ मध्ये ती रद्द केली, आणि तेथील राज्यकर्ते आता लोकांना अधिक मुले होऊ द्या असे सांगू लागले आहेत.

मध्यंतरीच्या काळात ज्यांना घरी बसावे लागले त्यांचे काय? मध्य प्रदेशच्या माजी मुख्य सचिव निर्मला बुच यांनी पाच राज्यांत या अटीच्या परिणामांचा अभ्यास केला, तेव्हा गर्भपात, पत्नीला सोडून देणे, मूल दत्तक दिल्याचे दाखविणे असे प्रकार पुढे आले, आणि अटीचा फटका बसलेल्यांत दुर्बळ वर्गांचा भरणा मोठा असल्याचे दिसले. अपत्यांची संख्या ठरविण्यात खेड्यातील किती स्त्रियांचे चालते, हा प्रश्न जावेद खटल्यातही उपस्थित करण्यात आला होता. स्त्रीला नको असलेल्या अपत्याची जबाबदारी तिच्यावर लादली जाते हे न्यायालयाने मान्य केले नाही.

महाराष्ट्रातील वाचकाला हे सर्व दूरचे वाटण्याचे कारण नाही. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमातही दोन अपत्यांची अट आहे आणि सप्टेंबर २००१ नंतरच्या जन्मांना ती लागू होते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्राचा एकूण जननदर १.७ निघाला, म्हणजे लोकसंख्या स्थिर राखण्यास लागणाऱ्या पातळीहूनही तो खाली आला. तो खाली आला तो शिक्षणामुळे, बालमृत्यू घटल्यामुळे, लग्नाचे वय वाढल्यामुळे व शहरीकरणामुळे. ज्या राज्यांत सरपंचांवर अशी अट कधीच नव्हती त्या केरळात व तमिळनाडूतही तो खाली आला. गावात उमेदवार म्हणून उभे राहू इच्छिणाऱ्या मूठभर माणसांवर बंधन घालून राज्याचा जननदर बदलेल, ही कल्पनाच अर्थशास्त्राच्या दृष्टीने भाबडी होती.

न पाळलेल्या वचनाची वसुली

शिक्षणाच्या अटीकडे वळू. घटनेच्या मूळ अनुच्छेद ४५ ने राज्यावर असे कर्तव्य सोपविले होते की घटनेच्या प्रारंभापासून दहा वर्षांच्या आत चौदा वर्षांपर्यंतच्या सर्व मुलांना मोफत व सक्तीचे शिक्षण मिळावे. ही मुदत १९६० मध्ये संपली. वचन पाळले गेले नाही. २००२ च्या ८६ व्या घटनादुरुस्तीने शिक्षणाचा मूलभूत हक्क आला. त्याचा कायदा २००९ मध्ये झाला व १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. तोही सहा ते चौदा वयापुरता, म्हणजे आठवीपर्यंतच. हरियाणाने २०१५ मध्ये पुरुषांकडून दहावीचा दाखला मागितला. म्हणजे जे शिक्षण देण्याची हमी राज्याने कोणालाच दिलेली नव्हती ते मागितले. आणि स्त्रियांकडून आठवीचा दाखला मागितला. म्हणजे जी हमी अवघ्या पाच वर्षांपूर्वी दिली तिच्या पूर्ततेचा पुरावा पंचेचाळीस वर्षांच्या बाईकडून मागितला. ती बाई १९७० च्या सुमारास जन्मली. तिच्या गावात मुलींना आठवीपर्यंत नेणारी शाळा होती की नव्हती, असली तर बापाने तिला तेथे पाठविले की धाकट्या भावंडांना सांभाळावयास घरी ठेवले, हे ठरविणे तिच्या हाती नव्हते.

व्यवहारात एखाद्याने माल पोहोचविला नाही आणि वर माल मिळाला नाही म्हणून गिऱ्हाइकाकडूनच दंड मागितला, तर त्या व्यापाऱ्याला बाजारात कोणी उभे करणार नाही. येथे राज्याने नेमके तेच केले आहे. शाळा देण्यात राज्य कमी पडले त्याची किंमत शाळा न मिळालेल्याने चुकवावयाची. संडासाच्या अटीचेही असेच आहे. शासन अनुदान देत असताना ज्याच्या घरी संडास नाही त्याचे कारण दारिद्र्य नसून इच्छेचा अभाव आहे, असे न्यायालयाने म्हटले. ज्यांनी अनुदानाच्या हप्त्यांसाठी पंचायत समितीच्या कचेरीत हेलपाटे घातले आहेत, किंवा ज्यांच्या घरापुढे संडास बांधावयास हातभर मोकळी जागा नाही, त्यांना हे विधान पटणे अवघड आहे. कर्जाच्या अटीबाबत न्यायालयाने असे नमूद केले की निवडणूक खर्चिक असते, तेव्हा कर्जात बुडालेल्यास ती लढविण्यात खरोखर रस असेल असे वाटत नाही. शिवाय दिवाळखोरास घटनाच संसदेत येऊ देत नाही. परंतु दिवाळखोर ठरविण्यास न्यायालयाचा निर्णय लागतो. सहकारी संस्थेचा थकबाकीदार ठरविण्यास एक गारपीट पुरते. राज्यामागून राज्य शेतकऱ्यांची कर्जे माफ करते, महाराष्ट्रात २०१७ व २०१९ मध्ये तशा योजना जाहीर झाल्या, त्या वेळी थकबाकी हा शेतकऱ्याचा दोष नाही असे राज्यकर्ते सांगतात. उमेदवारी अर्जाच्या छाननीत मात्र तोच शेतकरी दोषी ठरतो.

शिक्षणाच्या बाजूने केला जाणारा एक युक्तिवाद मात्र गंभीरपणे घेण्याजोगा आहे. ग्रामपंचायतींकडे आज पूर्वीपेक्षा कितीतरी अधिक पैसा येतो. चौदाव्या वित्त आयोगाने २०१५ ते २०२० या पाच वर्षांसाठी ग्रामपंचायतींकरिता सुमारे दोन लाख कोटी रुपयांच्या अनुदानाची शिफारस केली होती. सरपंचाला धनादेशावर सही करावी लागते, अंदाजपत्रके वाचावी लागतात. न वाचता येणारा सरपंच ग्रामसेवकाच्या किंवा ठेकेदाराच्या हातचे बाहुले बनतो. हे घडते, आणि त्याकडे डोळेझाक करण्यात अर्थ नाही. तथापि त्याचा उपाय प्रशिक्षण, ग्रामसभेपुढे हिशेबाचे मोठ्याने वाचन आणि वेळच्या वेळी लेखापरीक्षण हा आहे. सहकारी बँका व पतसंस्था ज्यांनी बुडविल्या ते अंगठा उठविणारे होते असे कोणी म्हणणार नाही. राजस्थानात अजमेर जिल्ह्यातील हरमाडा गावच्या सरपंच नौरतीबाई कधी शाळेत गेल्या नव्हत्या, पण प्रौढ वयात त्या संगणक चालविण्यास शिकल्या आणि २०१० पासून पाच वर्षे त्यांनी गावाचा कारभार केला. त्या राज्याने डिसेंबर २०१४ मध्ये वटहुकूम काढून सरपंचास आठवीची, आदिवासी क्षेत्रात पाचवीची, आणि वरच्या दोन स्तरांवर दहावीची अट घातली, तेव्हा नौरतीबाई पुन्हा उभ्या राहण्यास अपात्र ठरल्या. त्यांनी उच्च न्यायालयात दाद मागितली. निवडणुका त्या अटींवर पार पडल्या. अट रद्द झाली ती २०१९ मध्ये, सरकार बदलल्यावर.

साक्षरतेच्या कसोटीचा हा वाद आपल्याकडे नवा नाही. १९३५ च्या कायद्याखाली मताधिकार मालमत्ता, कर व शिक्षण यांच्याशी बांधलेला होता. त्याआधीच, सायमन कमिशनच्या काळात, मुंबई प्रांतिक समितीचे सभासद असलेल्या डॉ. आंबेडकरांनी १९२९ च्या आपल्या स्वतंत्र अहवालात प्रौढ मताधिकाराची मागणी केली आणि निरक्षर म्हणजे निर्बुद्ध हे समीकरण साफ नाकारले. खेड्याबद्दल डॉ. आंबेडकरांना कसलेही प्रेम नव्हते, हे घटना समितीतील त्यांच्या भाषणावरून सर्वांना ठाऊक आहे. गावगाड्याचा ज्यांना असा कडवट अनुभव होता त्यांनीही निरक्षराला राजकीय हक्कापासून दूर ठेवण्याचा मार्ग स्वीकारला नाही. १९५१ च्या जनगणनेत देशाची साक्षरता अवघी १८ टक्के होती, तरी पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत कोणाही उमेदवाराला दाखला विचारण्यात आला नाही.

महाराष्ट्राची वाट

महाराष्ट्राने या बाबतीत जरा सावध पाऊल टाकले. २०१७ मध्ये सरपंचाची थेट निवडणूक सुरू करताना सातवी उत्तीर्ण असण्याची अट घालण्यात आली, परंतु ती १ जानेवारी १९९५ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांनाच. म्हणजे ज्यांच्या बालपणी शाळा गावोगाव पोहोचल्या होत्या त्यांच्याकडूनच अपेक्षा, आणि आजीला सूट. तत्त्वाचा प्रश्न यानेही सुटत नाही. ऊसतोडणीच्या फडावर आईबापांबरोबर फिरलेल्या किंवा वीटभट्टीवर वाढलेल्या मुलाला १९९५ नंतर जन्मूनही सातवी गाठता आली नसेल. तरीपण हरियाणाच्या कायद्याशेजारी ठेवून पाहिले तर हा कायदा अधिक माणुसकीने लिहिला आहे, एवढे श्रेय द्यावयास हरकत नाही.

अन्य अटींत मात्र ही सावधगिरी दिसत नाही. शासकीय वा सार्वजनिक जागेवर अतिक्रमण केलेला इसम सदस्य राहू शकत नाही, ही तरतूद वरवर निर्दोष आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये तिचा अर्थ विस्तृत केला. अतिक्रमण कुटुंबातील दुसऱ्या कोणी केले असले तरी त्या जागेत राहणारा सदस्य अपात्र ठरतो. गायरानावर, गावठाणाबाहेर, रस्त्याच्या कडेला पिढ्यान्‌पिढ्या ज्यांची घरे आहेत ते बव्हंशी भूमिहीन आहेत. सासऱ्याने चाळीस वर्षांपूर्वी बांधलेल्या खोपटात नांदावयास आलेल्या सुनेने राखीव जागेवर निवडून यावे आणि पडलेल्या उमेदवाराने मोजणीचा नकाशा घेऊन जिल्हाधिकाऱ्यांकडे जावे, हे गावात सहज घडू शकते. जळगाव जिल्ह्यातील एका महिला सरपंचाला सासूसह शासकीय जागेतील घरात राहत असल्याच्या आरोपावरून पदावरून दूर करण्यात आले होते. त्या स्वतंत्रपणे भाड्याच्या घरात राहत असल्याचे सांगत होत्या. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पद परत दिले. बाई सरपंच झाली हे काहींना पचले नाही अशा आशयाचे ताशेरे ओढून, निवडून आलेल्या प्रतिनिधीस असे हलकेपणाने काढता येणार नाही, असे न्यायालयाने बजावले. ती जाणीव २०१५ च्या निकालात दिसली असती तर बरे झाले असते.

येथे दोन निकाल शेजारी ठेवून पाहण्याजोगे आहेत. विकास गवळी विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात ४ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्थानिक संस्थांतील इतर मागासवर्गीयांच्या सरसकट २७ टक्के आरक्षणाला आळा घातला. त्यासाठी २०१० च्या कृष्णमूर्ती निकालाच्या आधारे तीन कसोट्या सांगितल्या. स्वतंत्र आयोग नेमून मागासलेपणाची प्रत्यक्ष पाहणी करावी, प्रत्येक स्थानिक संस्थेतील प्रमाण आकडेवारीनिशी ठरवावे, आणि एकूण आरक्षण निम्म्याहून पुढे जाऊ देऊ नये. पाहणी व्हावी, आकडे मिळावेत, ही मागणी रास्त आहे. प्रश्न एवढाच की एखाद्या वर्गासाठी जागा राखावयाची झाली तर गावोगावचा हिशेब लागतो. आणि एखाद्या वर्गाला वगळावयाचे झाले तर राज्याला कोणताही आयोग नेमावा लागत नाही, कोणती पाहणी करावी लागत नाही, आणि निम्म्याहून अधिक दलित स्त्रिया बाद होत असल्याचा आकडा समोर आला तरी तो निर्णायक ठरत नाही. आरक्षणाला पन्नास टक्क्यांची मर्यादा आहे. वगळण्याला कसलीच मर्यादा नाही.

राजबाला निकालाचा एक आधार असा होता की कायदा मनमानी आहे एवढ्याच कारणावरून तो रद्द करता येत नाही. ही भूमिका टिकण्यासारखी नाही, असे मत न्या. नरिमन यांनी २०१७ च्या तिहेरी तलाक खटल्यात नोंदविले. पाहण्यासारखे म्हणजे राजबाला निकालाने निवडणूक लढविण्याच्या हक्काला घटनात्मक हक्काचा दर्जा दिला, आणि तरीही तो निम्म्या स्त्रियांना नाकारता येतो असे ठरविले. दोन न्यायमूर्तींचा हा निकाल मोठ्या पीठापुढे जावा अशी मागणी करण्यास त्यामुळे पुरेसे कारण आहे. अर्थात निवडणुकीची घोषणा झाल्यावर न्यायालयात धावण्याचा उपयोग होत नाही. अनुच्छेद २४३-ण ने तो दरवाजा बहुतांशी बंद केलेला आहे. आव्हान द्यावयाचे ते त्याआधी द्यावे लागते, आणि त्यासाठी हाताशी आकडे लागतात.

तेव्हा पहिली मागणी अगदी साधी असावी. राज्य निवडणूक आयोगाजवळ प्रत्येक गावाची मतदारयादी असते, शाळांच्या नोंदी शिक्षण खात्याकडे असतात, थकबाकीच्या याद्या सहकारी संस्थांकडे असतात, संडासांची गणती खुद्द ग्रामपंचायतीकडे असते. प्रत्येक अटीमुळे गावातील किती मतदार उमेदवार होऊ शकत नाहीत, त्यांत स्त्रिया किती, अनुसूचित जाती-जमातींचे किती, याचा तक्ता निवडणुकीच्या अधिसूचनेपूर्वी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावण्यास नवा कायदा करावा लागणार नाही. हरियाणात २०२२ मध्ये निवडलेल्या पंचायतींची मुदत २०२७ मध्ये संपते. हे काम करण्यास अवधी पुरेसा आहे.